घोरपड

घोरपड : सरीसृप (सरपटणाऱ्या प्राण्यांच्या) वर्गातील स्क्वॅमाटा गणाच्या व्हॅरॅनिडी कुलातील प्राणी. या कुलात व्हॅरॅनस ही एकच प्रजाती हयात असून तिच्यात ऐंशीहून अधिक जाती मोडतात. महाराष्ट्रात सर्वत्र आढळणाऱ्या घोरपडीचे शास्त्रीय नाव व्हॅरॅनस बेंगालेन्सिस असे आहे. जुन्या ग्रंथांत हिचाच निर्देश व्हॅरॅनस मॉनिटर या नावाने केलेला आढळतो. संस्कृतमध्ये हिला गोधा, हिंदीत गोह व गुजरातीत घो म्हणतात. पाल व सरडा हे हिचे दूरचे नातलग असले, तरी आकारमान, जिभेची रचना, श्वसन व रुधिराभिसरण यांबाबतींत घोरपडी इतर सरड्यांहून बऱ्याच वेगळ्या आहेत [→ सरडा].

व्हॅरॅनस हे नाव घोरपडीच्या ‘वरल’ या अरबी नावावरून आलेले आहे. ब्लाझियस मेरेम या जर्मन प्राणिशास्त्रज्ञांनी १८२० मध्ये ही प्रजाती प्रस्थापित केली. भारतीय घोरपडीचे पहिले शास्त्रीय वर्णन मात्र त्यापूर्वीच, १८०२ मध्ये, फ्रेंच निसर्गवैज्ञानिक फ्रांस्वा मारी दोदँ यांनी बंगालमधील नमुन्यावरून केले होते. जातिवाचक नावातील बंगालचा उल्लेख त्यामुळेच आला. त्यावरून ही घोरपड केवळ बंगालात असते, असा अर्थ घ्यावयाचा नाही.

भौगोलिक प्रसार व विविधता : घोरपडी आफ्रिका, अरबस्तान, दक्षिण व आग्नेय आशिया, इंडोनेशिया, न्यू गिनी, ऑस्ट्रेलिया व पॅसिफिक महासागरातील काही बेटे या प्रदेशांत आढळतात. अमेरिका खंडांत आज एकही देशी जाती नाही. तथापि इओसीन काळातील सॅनिवा या घोरपडीसारख्या प्राण्याचे जीवाश्म (शिळारूप झालेले अवशेष) उत्तर अमेरिकेत सापडलेले आहेत. जातींची सर्वाधिक विविधता ऑस्ट्रेलियात दिसून येते. तेथील आखूड शेपटीची घोरपड (व्हॅ. ब्रेव्हिकॉडा) जेमतेम २०–२५ सेंमी. लांब असते. उलट इंडोनेशियातील कोमोडो घोरपड (व्हॅ. कोमोडोएन्सिस) ३ मी.पर्यंत वाढते व रानडुकरे, हरणे यांसारख्या मोठ्या प्राण्यांची शिकार करते. एकाच प्रजातीत आकारमानाचा एवढा फरक भूचर पृष्ठवंशी (पाठीचा कणा असलेल्या) प्राण्यांत क्वचितच आढळतो. कोमोडो घोरपडीचे शास्त्रीय वर्णन पीटर ओवेन्स यांनी १९१२ मध्ये केले. ऑस्ट्रेलियात प्लाइस्टोसीन काळात याहूनही प्रचंड अशी एक जाती होती. ती आता निर्वंश झाली आहे.

भारतात घोरपडीच्या चार जाती आढळतात. (१) सामान्य भारतीय घोरपड (व्हॅ. बेंगालेन्सिस) : ही आग्नेय इराणपासून अफगाणिस्तान, पाकिस्तान, भारत, नेपाळ, बांगला देश, श्रीलंका व म्यानमारपर्यंत पसरलेली आहे. नाकपुडी चिरेसारखी व तिरकी असून ती मुस्कटाच्या टोकापेक्षा डोळ्याला किंचित जवळ असते. (२) पाणघोरपड (व्हॅ. सॅल्व्हेटर) : ही भारतातील सर्वांत मोठी जाती. ईशान्य भारत, सुंदरबन, ओडिशातील भितरकनिका आणि अंदमान व निकोबार बेटे येथे ती आढळते. नाकपुडी गोलसर असून मुस्कटाच्या टोकाजवळ असते. नद्यांची मुखे, खारफुटीची वने व दलदली हा तिचा अधिवास असून मासे, खेकडे, मृत प्राणी आणि मगरींची अंडी ती खाते. (३) पिवळी घोरपड (व्हॅ. फ्लॅव्हेसेन्स) : गंगा व ब्रह्मपुत्रा यांच्या खोऱ्यांतील दलदलीचा प्रदेश व भातखाचरे येथे ही राहते. हिची बोटे आखूड असतात आणि लांबी सामान्यतः १ मी.पेक्षा कमी असते. (४) वाळवंटी घोरपड (व्हॅ. ग्रिसियस) : राजस्थान व कच्छमधील रेताड प्रदेशात ही आढळते. इतर तिन्ही जातींची शेपटी दोन्ही बाजूंनी चपटी असते, तर हिची गोलसर असते. थंडीत ती बिळात दीर्घकाळ निश्चल पडून राहते.

या चारांपैकी महाराष्ट्रात फक्त पहिली जाती आढळते. घोरपडीच्या एकापेक्षा अधिक ‘जाती’ असल्याचे खेड्यांतून सांगितले जाते. गुजरातेत चंदन घो व पाटला घो असे भेद करतात. या समजांच्या मुळाशी बव्हंशी एकाच जातीच्या लहान व मोठ्या प्राण्यांच्या रंगांतील फरक आहे. पुढील सर्व वर्णन मुख्यत्वे या जातीसंबंधी आहे.

शरीररचना : पूर्ण वाढलेल्या घोरपडीची शेपटीसह लांबी सु. १७५ सेंमी.पर्यंत असू शकते. यांपैकी निम्म्याहून अधिक लांबी शेपटीची असते. मोठ्या नराचे वजन सु. ७ किग्रॅ.पर्यंत भरते, मादी त्या मानाने लहान असते. प्रौढ प्राण्याचा रंग करडा, पिवळसर तपकिरी किंवा मातकट असून त्यावर काळे ठिपके असतात. पिल्ले बरीच आकर्षक असतात; त्यांच्या गडद अंगावर पिवळे ठिपके व चकत्या यांच्या आडव्या ओळी असतात. वयाबरोबर ही नक्षी फिकट होत जाते.

डोके लांबट, मान लांब व शरीर दणकट असते. बहुतेक सरड्यांच्या मानेत आठ मणके असतात, तर घोरपडीच्या मानेत नऊ असतात. पाय बळकट असून प्रत्येकाला पाच बोटे व त्यांवर तीक्ष्ण, वाकडे नखर असतात. कातडी जाड असून ती लहान, दाणेदार खवल्यांनी आच्छादलेली असते. दात टोकदार व मागे वळलेले असतात. पालीची शेपटी संकटकाळी तुटून पडते व पुन्हा उगवते. घोरपडीच्या बाबतीत असे होत नाही. तिची शेपटी हे एक हत्यारच आहे. डिवचली गेल्यास ती अंग फुगविते, जोराने फुत्कार टाकते व शेपटीचा फटका मारते.

घोरपडीची जीभ सापाच्या जिभेप्रमाणे लांब व खोल दुभागलेली असून ती मुळाशी असलेल्या आवरणात आत ओढून घेता येते. चालताना ती सतत जीभ बाहेर काढीत असते. हवेतील व जमिनीवरील गंधकण जिभेच्या दोन टोकांना चिकटतात आणि टाळूवरील याकॉपसन अंगापर्यंत पोहोचविले जातात. दोन्ही टोकांवरील गंधाच्या तीव्रतेतील फरकावरून भक्ष्य कोणत्या दिशेला आहे, याचा बोध तिला होतो. जमिनीत पुरलेली अंडी किंवा पालापाचोळ्याखालील अळ्या ती याच साधनाने शोधून काढते.

इतर सरड्यांच्या मानाने घोरपडीचा दमसास मोठा असतो. सरडा धावतो तेव्हा त्याचे शरीर दोन्ही बाजूंना आलटूनपालटून वाकते व बरगड्यांच्या स्नायूंवर चालण्याचा व श्वसनाचा असा दुहेरी भार पडतो; त्यामुळे वेगाने धावत असताना त्याचे श्वसन अपुरे पडते. घोरपडी गळ्याची पिशवी आकुंचित-प्रसरित करून हवा फुप्फुसांत ढकलतात व ही अडचण बऱ्याच अंशी दूर करतात. आफ्रिकेतील एका जातीवर केलेल्या व १९९९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांवरून हे सिद्ध झाले. त्याच जातीच्या फुप्फुसांतील बऱ्याच भागात हवा, पक्ष्यांच्या फुप्फुसांप्रमाणे, एकाच दिशेने वाहते, असे २०१४ मध्ये दाखविण्यात आले. हृदयाचे निलय (जवनिका) पूर्णपणे दुभागलेले नसले, तरी ते आकुंचन पावताना शुद्ध व अशुद्ध रक्त बरेचसे अलग राहते. या वैशिष्ट्यांमुळे दबा धरून बसण्याऐवजी दिवसभर हिंडून भक्ष्य शोधणे घोरपडीला परवडते.

अधिवास : घोरपड कोणत्याही एका प्रकारच्या प्रदेशाशी बांधलेली नाही. दाट वने, विरळ झुडपी राने, गवताळ माळ, नदीकाठ, शेतजमिनी व गावांची शिवे अशा सर्व ठिकाणी ती राहू शकते. तिला तीन गोष्टी आवश्यक असतात : रात्री व उष्णतेच्या वेळी दडण्यासाठी बीळ, फट किंवा ढोली, सकाळी ऊन खाण्यासाठी उघडी जागा, आणि वर्षभर पुरेल असे कीटक व लहान प्राण्यांचे खाद्य. बीळ ती स्वतः उकरते किंवा इतर प्राण्यांच्या जुन्या बिळाचा व वारुळाचा आश्रय घेते. ती झाडावर सफाईने चढते, उत्तम पोहते आणि पाण्याखाली पंधरा मिनिटांहून अधिक काळ राहू शकते.

नाशिक जिल्हा हे या अनुकूलनक्षमतेचे चांगले उदाहरण आहे. जिल्ह्याच्या पश्चिमेस सह्याद्रीच्या रांगेत इगतपुरी येथे वर्षाला ३,००० मिमी.हून अधिक पाऊस पडतो, तर पूर्वेकडील सिन्नर, येवले या अवर्षणप्रवण तालुक्यांत तो सु. ५००–६०० मिमी. इतकाच असतो. एवढ्या थोड्या अंतरात पर्जन्यमानात होणाऱ्या या फरकामुळे घोरपडीला येथे निरनिराळ्या परिस्थितींत राहावे लागते.

त्र्यंबकेश्वर, इगतपुरी, पेठ व सुरगाणा या पश्चिमेकडील भागात पानझडी वने, बेसाल्टचे कडे व भातखाचरे आहेत. कड्यांतील फटी व जुन्या झाडांच्या ढोल्या येथे निवाऱ्यासाठी उपयोगी पडतात. पावसाळ्यात खेकडे, बेडूक व गोगलगायी हे खाद्य विपुल मिळते. येथेच ब्रह्मगिरीवर गोदावरी उगम पावते. पूर्वेकडील माळरानांवर झाडी विरळ असते. तेथे ओढ्यांचे उभे काठ, वारुळे, दगडी ताली व शेतांचे बांध यांचा आश्रय घ्यावा लागतो. मधल्या पट्ट्यात, दिंडोरी व निफाड तालुक्यांत, द्राक्षे, ऊस व कांदा यांची बागायती शेती आहे. उसाच्या फडांत उंदीर-घुशी पुष्कळ असतात व त्यांच्या मागावर घोरपडही येते. निफाड तालुक्यात गोदावरी व कादवा यांच्या संगमाजवळील बंधाऱ्यामुळे नांदूर मध्यमेश्वर हा पाणथळ प्रदेश तयार झाला आहे. १९८६ मध्ये त्याला पक्षी अभयारण्याचा दर्जा मिळाला व २०१९ मध्ये रामसर करारान्वये महाराष्ट्रातील पहिले पाणथळ क्षेत्र म्हणून त्याची नोंद झाली. मासे, बेडूक, खेकडे व पाणपक्ष्यांची अंडी यांमुळे असा प्रदेश घोरपडीला सोयीचा असतो.

निफाड परिसरात हिवाळ्यात किमान तापमान काही वर्षी ५° से.च्याही खाली उतरते. घोरपड बाह्य उष्णतेवर अवलंबून असणारा प्राणी असल्यामुळे अशा दिवसांत ती उशिरा बाहेर पडते, बराच वेळ ऊन खाते व लवकर बिळात परतते. फार थंडी असल्यास बाहेर येतही नाही. सक्रिय असताना तिच्या शरीराचे तापमान सु. ३५° से.च्या आसपास असते. उन्हाळ्यात मात्र ती सकाळी व दुपार उलटल्यावर हिंडते आणि भर दुपारी सावलीत राहते. पावसाळा हा तिच्या सर्वाधिक हालचालीचा काळ होय.

आहार : घोरपड मांसाहारी असून आपल्याला गिळता येईल असा जवळजवळ कोणताही प्राणी तिला चालतो. एवढ्या मोठ्या प्राण्याचा आहार प्रामुख्याने कोंबड्या, पक्षी व उंदीर यांचा असावा, असा सर्वसाधारण समज आहे. प्रत्यक्षात संख्येच्या दृष्टीने तिच्या आहारात कीटक व इतर संधिपाद (सांधेयुक्त पायांच्या) प्राण्यांचाच वाटा मोठा असतो. अमेरिकन सरीसृपवैज्ञानिक वॉल्टर ऑफनबर्ग यांनी या जातीचा प्रदीर्घ अभ्यास करून १९९४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात तिच्या आहाराची तपशीलवार माहिती दिली आहे. भुंगेरे व त्यांच्या अळ्या, टोळ, नाकतोडे, मुंग्या, विंचू, गोमा, गोगलगायी व खेकडे हे तिचे नेहमीचे खाद्य होय. गुरांच्या शेणातील भुंगेरे ती शेणाच्या पोवट्या उकरून खाते. म्हणून चराऊ कुरणांत ती वारंवार दिसते.

बेडूक, मासे, सरडे, साप, उंदीर, पक्ष्यांची पिल्ले आणि पक्षी व सरीसृप यांची अंडी यांवरही ती उपजीविका करते. मेलेल्या जनावरांचे मांसही ती खाते व अशा रीतीने परिसराची स्वच्छता होण्यास मदत करते. अन्न चावून बारीक करण्याजोगे दात नसल्यामुळे लहान भक्ष्य ती सगळेच गिळते. मोठे असल्यास नखरांनी व डोक्याला हिसके देऊन त्याचे तुकडे करते. पिल्ले जवळजवळ पूर्णपणे कीटकांवर जगतात.

व्हॅरॅनस प्रजातीतील बहुतेक सर्व जाती मांसाहारी असल्या, तरी फिलिपीन्समधील तीन वृक्षवासी जाती पक्व फळे मोठ्या प्रमाणात खातात. त्यांपैकी एक तर २०१० मध्येच विज्ञानाला ज्ञात झाली.

शेतीच्या दृष्टीने पाहता घोरपड ही बांधावरील एक उपयुक्त शिकारी आहे. मोकळ्या सोडलेल्या कोंबडीची अंडी व पिल्ले ती अधूनमधून पळविते, हे खरे; पण ही हानी खुराड्याला बारीक जाळी लावून टाळता येते. उंदीर-घुशी, हुमणीसारख्या भुंगेऱ्यांच्या अळ्या व टोळ यांचा ती वर्षभर जो फडशा पाडते, त्याची किंमत मात्र सहसा कोणी मोजीत नाही.

प्रजनन व जीवनक्रम : उन्हाळ्याच्या अखेरीस नर माद्यांचा शोध घेऊ लागतात. या काळात दोन नर मागील पायांवर उभे राहून एकमेकांना पुढील पायांनी कवटाळतात व कुस्ती खेळल्याप्रमाणे परस्परांना खाली पाडण्याचा प्रयत्न करतात. प्रजननाचा मुख्य काळ जून ते सप्टेंबर हा असतो. मादी सपाट जमिनीत, ओढ्याच्या काठात किंवा वारुळात खड्डा उकरून त्यात सु. वीस अंडी घालते व खड्डा मातीने बुजवून टाकते. अंडी लांबट, पांढरी व चिवट कवचाची असून सु. ५ सेंमी. लांब असतात. ती उबण्यास सु. साडेपाच ते साडेआठ महिने लागतात. सर्व अंड्यांतून पिल्ले बाहेर पडत नाहीत; काही कुजतात, तर काही मुंगूस व इतर प्राणी उकरून खातात.

अंडी एवढा प्रदीर्घ काळ जमिनीत राहत असल्यामुळे ती घातल्यानंतरच्या महिन्यांत त्या जागेचे काय होते, यावर पुढील पिढी अवलंबून असते. पावसाळ्यात अंडी घातलेला बांध त्याच हिवाळ्यात वा उन्हाळ्यात यंत्राने सपाट केला, तर मादी वाचली तरी अंडी नष्ट होतात.

पिल्लांचा पहिला काळ बव्हंशी झाडांवर व झुडपांत जातो. गरुड, ससाणे, मुंगूस, साप, कुत्री व मांजरे हे त्यांचे शत्रू होत. सु. तीन वर्षांनी घोरपड प्रजननक्षम होते. बंदिवासात ती वीस वर्षांहून अधिक काळ जगल्याची नोंद आहे. कोमोडो घोरपडीच्या माद्या नराशी समागम न होताही क्वचित प्रसंगी फलनक्षम अंडी घालू शकतात (अनिषेकजनन), असे इंग्लंडमधील प्राणिसंग्रहालयांतील दोन माद्यांच्या निरीक्षणावरून २००६ मध्ये निदर्शनास आले.

विषासंबंधीचे समज : घोरपड, विशेषतः तिचे पिल्लू, अत्यंत विषारी असते, अशी समजूत भारताच्या अनेक भागांत आहे. उत्तर भारतात पिल्लाला बिसखोपरा म्हणतात व त्याच्या दंशाने माणूस तत्काळ मरतो, असे मानतात. या समजुतीला आधार नाही. पिल्लाचा रंग भडक असतो, त्याची जीभ सापासारखी असते आणि ते फुत्कारते, एवढ्यावरूनच ती रूढ झाली असावी. २००५ नंतर झालेल्या संशोधनात व्हॅरॅनस प्रजातीतील काही जातींच्या खालच्या जबड्यातील ग्रंथींत विषसदृश प्रथिने आढळली. त्यांचा भक्ष्य मारण्यात कितपत उपयोग होतो, याविषयी शास्त्रज्ञांत मतभेद आहेत. तथापि नाग, मण्यार किंवा फुरसे यांच्या दंशाशी घोरपडीच्या चाव्याची तुलना होऊ शकत नाही. तिचा चावा वेदनादायक असतो व जखम दूषित होण्याचा संभव असतो. म्हणून जखम साबणाने व भरपूर पाण्याने धुऊन वैद्यकीय उपचार घेणे इष्ट असते. घोरपड आपण होऊन माणसावर हल्ला करीत नाही. पकडण्याचा किंवा कोंडण्याचा प्रयत्न केला, तरच ती चावते.

इतिहास व लोकजीवन : प्राचीन भारतीय वाङ्मयात गोधेचे उल्लेख बरेच आहेत. धर्मशास्त्रांत भक्ष्य मानलेल्या पाच पंचनखी प्राण्यांत ससा, साळिंदर, गेंडा व कासव यांच्याबरोबर गोधेची गणना आहे. धनुर्धर डाव्या हाताला प्रत्यंचेचा आघात लागू नये म्हणून जो चामडी पट्टा बांधीत, त्यालाही गोधा असेच नाव होते. जातककथांतही ती पात्र म्हणून येते. मूर्तिशास्त्रात घोरपड हे गौरीचे वाहन मानलेले असून पार्वतीच्या काही मूर्तींच्या पायांशी ती कोरलेली दिसते.

महाराष्ट्रात घोरपडीचे नाव सिंहगडाशी जोडले गेले आहे. ४ फेब्रुवारी १६७० रोजीच्या स्वारीत तानाजी मालुसरे यांनी यशवंती नावाच्या घोरपडीच्या कमरेला दोर बांधून तिला कड्यावर चढविले व त्या दोराने मावळे वर गेले, अशी कथा आहे. ती तुळशीदास शाहिराच्या पोवाड्यामुळे सर्वतोमुखी झाली. सभासदाच्या बखरीत मात्र या प्रसंगी घोरपडीचा उल्लेख नाही; मावळे वानरांप्रमाणे कडा चढून गेले, असे तीत वर्णन आहे. मुधोळच्या घोरपडे घराण्याच्या परंपरेतही, बहमनी काळात त्यांच्या पूर्वजाने घोरपडीच्या साहाय्याने खेळणा (विशाळगड) किल्ला सर केल्यामुळे हे उपनाम मिळाले, असे सांगितले जाते.

प्राणिशास्त्राच्या दृष्टीने या कथांमागील निरीक्षण खरे आहे, परंतु त्यावरून काढलेले अनुमान टिकत नाही. बिळात किंवा फटीत शिरलेली घोरपड नखर रोवून अंग फुगविते व भोवतालच्या भिंतींवर इतकी घट्ट दाबली जाते, की तिला शेपटी धरून ओढणे एका माणसाला कठीण जाते. उघड्या कड्यावर मात्र अंग अडकविण्यास दोन बाजूंच्या भिंती नसतात. तेथे तिला केवळ नखरांवर विसंबावे लागते आणि सात किग्रॅ.च्या प्राण्याचे नखर साठ-सत्तर किग्रॅ. वजनाच्या माणसाचा भार पेलू शकत नाहीत. शिवाय दोर बांधलेली घोरपड इष्ट जागी जाऊन थांबेल, असे शिक्षण तिला देता येत नाही. कड्याची चढाई ही त्या मावळ्यांच्याच कौशल्याची होती, असे मानणे अधिक सयुक्तिक ठरते. चिकाटीचे प्रतीक म्हणून लोकमानसात घोरपडीला जे स्थान मिळाले, ते यामुळे उणे होत नाही.

उपयोग व शिकार : मांस, चरबी व कातडी यांसाठी घोरपडीची दीर्घकाळ शिकार होत आली आहे. डोंगराळ व वनप्रदेशातील अनेक जमातींच्या आहारात तिचे मांस व अंडी यांना पूर्वापार स्थान होते. चरबीचे तेल संधिवातावर, तर मांस शक्तिवर्धक म्हणून वापरण्याची प्रथा आहे. त्यांच्या औषधी गुणांना शास्त्रीय आधार मिळालेला नाही. कातडी चिवट व पातळ असल्यामुळे खंजिरी, दिमडी यांसारखी लहान चर्मवाद्ये तिने मढवीत असत. विसाव्या शतकात पादत्राणे, पट्टे व पैशाची पाकिटे यांच्यासाठी तिच्या कातडीचा मोठा व्यापार झाला. स्थानिक उपयोगापेक्षा या दूरच्या बाजारपेठेमुळेच तिची संख्या अधिक घटली. आता खंजिरी व दिमडी यांसाठी शेळीचे कातडे वा कृत्रिम पडदा वापरता येतो.

अलीकडच्या काळात ‘हत्ताजोडी’ या नावाखाली एक नवाच व्यापार पुढे आला. जोडलेल्या दोन हातांसारखी दिसणारी ही वस्तू एका दुर्मिळ वनस्पतीची मुळी असून ती घरात ठेवल्यास धनलाभ होतो, असे सांगून ती विकली जाते. वस्तुतः ती नर घोरपडीची वाळविलेली जननेंद्रिये असतात. २०१७ मध्ये या व्यापाराविरुद्ध देशात अनेक ठिकाणी कारवाई झाली व प्रयोगशाळेतील डीएनए परीक्षणावरून या वस्तूचे खरे स्वरूप सिद्ध झाले. धार्मिक श्रद्धेने ती घेणाऱ्या बहुतेकांना आपण एका प्राण्याचा अवयव पूजेत ठेवीत आहोत, याची कल्पनाही नसते. अशा प्रत्येक नगामागे एका प्रौढ नराचा बळी गेलेला असतो.

संरक्षण : भारतात आढळणाऱ्या चारही जातींना वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ अन्वये पहिल्या अनुसूचीत स्थान दिलेले असून वाघाला जे संरक्षण आहे, तेच कायद्याच्या दृष्टीने घोरपडीलाही आहे. २०२२ मध्ये सुधारलेल्या तरतुदींनुसार पहिल्या अनुसूचीतील प्राण्याच्या शिकारीस किमान तीन व कमाल सात वर्षे कारावास आणि किमान २५,००० रुपये दंड अशी शिक्षा आहे. घोरपड पाळणे, तिचे अवयव बाळगणे अथवा विकणे हेही गुन्हेच होत. वन्य जातींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर नियंत्रण ठेवणाऱ्या करारात भारत १९७६ मध्ये सामील झाला. पाणघोरपड वगळता भारतातील इतर तीन जाती या कराराच्या पहिल्या परिशिष्टात असून त्यांचा आंतरराष्ट्रीय व्यापार निषिद्ध आहे. आंतरराष्ट्रीय निसर्गसंवर्धन संघटनेच्या तांबड्या यादीत सामान्य घोरपडीचा समावेश ‘संकटसमीप’, तर पिवळ्या घोरपडीचा ‘संकटग्रस्त’ या वर्गात केलेला आहे.

शिकार थांबली, तरी अधिवास टिकला नाही तर कायद्याचा उपयोग मर्यादितच राहतो. नाशिक जिल्ह्यासारख्या प्रदेशात घोरपड अभयारण्यांपेक्षा शेतांच्या बांधांवर, ओढ्यांच्या काठी व गावकुसाबाहेरील पडीक जमिनीवरच अधिक अवलंबून आहे. बांध सपाट करणे, ओढ्यांचे काठ तासून सरळ करणे, जुनी पोकळ झाडे तोडणे व माळरानांवर उभी राहणारी बांधकामे यांमुळे तिचे निवारे नाहीसे होतात. तीव्र कीटकनाशकांमुळे तिचे मुख्य खाद्य कमी होते, तर विषारी आमिषे खाऊन मेलेल्या उंदरांमुळे तिला विषबाधा होण्याचा धोका असतो. ऊन खाण्यासाठी ती तापलेल्या रस्त्यावर येते व वाहनांखाली सापडते. रुंद, कुंपण असलेले महामार्ग तिच्या वस्तीचे अलग तुकडे पाडतात.

यांवरील उपाय खर्चिक नाहीत. ओढ्याच्या काठाचा काही भाग नैसर्गिक अवस्थेत राखणे, बांधावरील झुडपे व वारुळे कायम ठेवणे, दगडी ताली न मोडणे, उंदरांच्या नियंत्रणासाठी विषाचा वापर मर्यादित करणे आणि रस्त्याखालील मोऱ्या प्राण्यांना ये-जा करता येईल अशा मोकळ्या ठेवणे, एवढ्याने बरेच साध्य होऊ शकते. घरात किंवा विहिरीत घोरपड आढळल्यास तिला न मारता वन विभागास कळवावे. बाहेर जाण्यास वाट मिळाली, तर ती बहुधा आपण होऊन निघून जाते. जेथे घोरपड टिकून आहे, तेथे बांध, ओढा, वारूळ व त्यांवर जगणारे कीटक, बेडूक आणि पक्षी हेही टिकून आहेत, असे समजण्यास हरकत नाही. या अर्थाने ती शेतशिवाराच्या आरोग्याची निदर्शक आहे.